मुर्जा, तिबेरिओ
(५ फेब्रुवारी १९२९ – २० ऑगस्ट २०१०). युद्धोत्तर इटालियन विनोदी चित्रपटांतील एक चरित्र अभिनेते. त्यांचा जन्म सार्डिनिया बेटावरील ओरिस्तानो येथे झाला. पोटापाण्यासाठी ते बेल्जियमला गेले आणि मार्सिनेलच्या कोळसा खाणीत मजुरी करू लागले. ८ ऑगस्ट १९५६ रोजी या खाणीत लागलेल्या आगीत २६२ कामगार दगावले, त्यांपैकी १३६ इटालियन होते. त्या दिवशी आपण कामावर नव्हतो म्हणून वाचलो, असे मुर्जा सांगत. पुढे रोममधील एका खानावळीत भांडी घासत असताना दिग्दर्शक मारिओ मोनिचेल्ली यांच्या चमूतील एकाची त्यांच्यावर नजर गेली आणि अभिनयाचा कसलाही अनुभव नसताना त्यांना ‘इ सोलिती इन्योती’ (१९५८) या चित्रपटात भूमिका मिळाली.

चित्रपटाचे नाव वृत्तपत्री भाषेतून आले आहे. माग न लागलेल्या चोरट्यांना इटालियन बातमीदार ‘नेहमीचेच अज्ञात’ म्हणतात. त्यातला मुर्जा यांचा फेरिबोत्ते हा सिसिलीचा माणूस असून सिसिली आणि इटलीची मुख्य भूमी यांमधील मेसिनाच्या सामुद्रधुनीत चालणाऱ्या फेरीबोटीवरूनच त्याला हे नाव पडले आहे. काळा सूट, चापून बसवलेले केस, बारीक मिशी आणि ताठ मान अशा थाटात वावरणारा हा भुरटा चोर घराण्याच्या अब्रूपायी बहिणीला घरात कोंडून ठेवतो. शेवटी शेजारची तिजोरी लुटायला निघालेली त्याची टोळी चुकीची भिंत फोडून, ज्या घरात शिरली त्याच घराच्या स्वयंपाकघरात निघते आणि तिजोरी सोडून तिथला हरभरे घातलेला पास्ता खात बसते. अशा प्रसंगांतही मुर्जा यांच्या चेहऱ्यावरचा करारीपणा ढळत नाही, आणि भूमिकेतला विनोद नेमका तिथेच आहे.

पडद्यावर ऐकू येणारा आवाज मात्र त्यांचा नाही. त्या काळी इटलीत संवाद चित्रीकरणानंतर स्टुडिओत भरले जात, त्यामुळे दिग्दर्शक चेहरा एकाचा आणि आवाज दुसऱ्याचा घेऊ शकत असे. मुर्जा यांचे सार्डिनियन उच्चार सिसिलियन पात्राला चालण्यासारखे नसल्याने रेनातो कोमिनेत्ती यांचा आवाज वापरला गेला. याच चित्रपटात दक्षिणेकडील नेपल्सचे अभिनेते कार्लो पिसाकाने उत्तरेकडील बोलोन्याच्या ढंगात बोलतात, तेही उसन्या आवाजात. नवख्या माणसांना पडद्यावर आणणारी ही सोय चरित्र अभिनेत्याचे निम्मे श्रेय मात्र काढून घेत असे.

फेरिबोत्ते इतका गाजला की मुर्जा यांच्या वाट्याला पुढेही बहुधा मत्सरी, मानी सिसिलियन माणसेच आली. मोनिचेल्लींच्याच ‘ला ग्रांदे ग्वेर्रा’ (१९५९) या पहिल्या महायुद्धावरील चित्रपटात ते सैनिक होते. या चित्रपटाला व्हेनिस चित्रपट महोत्सवात सुवर्णसिंह हा सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. पुढील दशकांत त्यांनी शंभरहून अधिक चित्रपट केले, त्यांतले बरेचसे झटपट काढलेले आणि आज विस्मरणात गेलेले. फेरिबोत्ते त्यांनी आणखी दोनदा साकारला : नान्नी लोय यांच्या १९५९ च्या उत्तरभागात आणि १९८५ च्या दुसऱ्या उत्तरभागात, जेव्हा पहिल्या चित्रपटातील सहकलाकार मार्चेल्लो मास्त्रोयान्नी आणि व्हित्तोरिओ गासमान हेही आपापल्या जुन्या भूमिकांत परतले. रोमजवळच्या तोल्फा येथे मुर्जा यांचे निधन झाले.