व्हिडिओ धावतो तो गाळल्यामुळे

फुल एचडी व्हिडिओच्या एका चित्रात जवळजवळ २१ लाख बिंदू असतात. प्रत्येक बिंदूच्या रंगासाठी २४ बिट (बिट म्हणजे ० किंवा १ हा एक अंक) आणि सेकंदाला ३० चित्रं धरली, तर दर सेकंदाला सुमारे १५० कोटी बिट पाठवावे लागतील. प्रत्यक्षात सेकंदाला ५ मेगाबिटचा, म्हणजे ५० लाख बिटचा वेग मिळाला तरी असा व्हिडिओ सुरळीत चालतो. म्हणजे तीनशे भागांतला एकच भाग येतो, बाकीचा वाटेला लागतच नाही!

ही करामत कोडेकची, म्हणजे व्हिडिओ आक्रसून पाठवणाऱ्या आणि पुन्हा उलगडणाऱ्या प्रणालीची. बातम्या देणाऱ्या निवेदिकेच्या मागची भिंत हलत नाही, मग ती पुन्हा पुन्हा कशाला पाठवायची? कोडेक चित्राचे छोटे चौकोन पाडतो आणि ‘हा चौकोन मागच्या चित्रातून घे, जरा डावीकडे सरकव’ एवढाच निरोप धाडतो. पूर्ण चित्र अधूनमधूनच येतं. शिवाय आपला डोळा उजेडातला फरक जितका बारकाईने टिपतो तितका रंगातला टिपत नाही, त्यामुळे रंगाचे तपशील पाव हिश्श्यावर आणले तरी खपून जातं. मुसळधार पाऊस किंवा उधळलेले कागदाचे कपटे दिसले की मात्र पडद्यावर चौकोन उमटू लागतात, कारण तिथे मागच्या चित्रातून उचलण्यासारखं फारसं काही नसतं.

एच.२६४ हे कोडेकचं मानक २००३ मध्ये आलं. २००५ मध्ये यूट्यूब सुरू झालं, पहिला व्हिडिओ अवघा १९ सेकंदांचा. यूट्यूबने व्हिडिओ फ्लॅश या ब्राउझरला जोडायच्या प्रणालीच्या मदतीने थेट ब्राउझरमध्ये चालवला, वेगळा प्लेअर उघडायची कटकट संपली. माझ्या मते त्याच्या यशात या सोयीचा वाटा फार मोठा.

पुढचा प्रश्न कमी-जास्त होणाऱ्या वेगाचा. त्यावर उपाय म्हणून एकच व्हिडिओ अनेक दर्जांत साठवतात आणि त्याचे काही सेकंदांचे तुकडे करतात. नेट मंदावलं की फोन पुढचा तुकडा हलक्या दर्जाचा मागवतो. चित्र धूसर होतं, पण थांबत नाही.

काय दाखवायचं, याचं गणितही बदललं. २०१२ मध्ये यूट्यूबने शिफारशी ठरवताना क्लिकपेक्षा पाहण्यात गेलेल्या वेळेला जास्त वजन दिलं. भडक चित्र लावून फसवणाऱ्यांना चाप बसला खरा, पण प्रेक्षकाला खिळवून ठेवण्याची चढाओढही लागली. छोट्या उभ्या व्हिडिओंत ती टोकाला गेली आहे. बोट सरकवताच पुढचा व्हिडिओ सुरू व्हावा म्हणून त्याची सुरुवात आधीच उतरवून ठेवतात. तो न पाहता ॲप बंद केलं, तरी तेवढा डेटा गेलेलाच असतो.