हॅम रेडिओवर ध्वनिप्रयोग करायचाय? ठाणे-नवी मुंबईकरांसाठी परवान्याची माहिती

गडकरी रंगायतनच्या रंगमंचावरून शॉर्टवेव्हवर दूरच्या देशातल्या कुणाशी तरी थेट बोलायचं आणि मधली खरखर, विरत जाणारा आवाज हेच नाट्य म्हणून प्रेक्षकांना ऐकवायचं, ही कल्पना साउंडवाल्या कुणालाही भुरळ घालेल. पण अर्ज उघडण्याआधी नियम वाचा. हौशी रेडिओ सेवेचे (हॅम म्हणजे हाच हौशी रेडिओ आणि तो चालवणाराही) नियम १९७८ चे आहेत, पुढे त्यात सुधारणा झाल्या. परवाना मिळतो तो स्वतः शिकण्यासाठी, आपसात संपर्कासाठी आणि तांत्रिक प्रयोगांसाठी, तोही पैसे न कमावता. संगीत, करमणुकीचं प्रसारण, रेकॉर्ड केलेलं काही वाजवणं, बातम्या, जाहिराती, राजकीय वाद, गुप्त सांकेतिक भाषा या सगळ्याला मनाई आहे. तुमच्या प्रयोगात तानपुरा हवेत सोडायचा असेल तर हा परवाना तुमच्या कामाचा नाही, आणि घरगुती एफएम ट्रान्समीटर लावणं हा त्यावरचा उपाय नव्हे, तो गुन्हा आहे.

मग उरतं काय? माझ्या मते भरपूर. मोर्सची (ठिपके-रेघांच्या सांकेतिक लिपीची) लय, कॉल साइन (स्टेशनची ओळख सांगणारी अक्षरं-आकडे) उच्चारण्याची पद्धत, सिग्नल कसा येतोय याचे आकडे, फेडिंग (सिग्नल विरत जाणं), रात्री बदलणारे बँड (फ्रिक्वेन्सीचे पट्टे). चंद्रावर आपटून येणारा सिग्नल साधारण अडीच सेकंदांनी परततो (त्याला अँटेना आणि पॉवर मात्र तगडी लागते). स्लो स्कॅन टीव्ही तर आयतंच ध्वनिशिल्प आहे: चित्राची एकेक ओळ किलबिलाटासारख्या सुरांत पाठवली जाते. आंतरराष्ट्रीय अवकाश स्थानक अधूनमधून १४५.८०० मेगाहर्ट्झवर अशी चित्रं सोडतं. स्थानक डोक्यावरून जायला जेमतेम दहा मिनिटं लागतात, एक चित्र सुमारे दोन मिनिटांचं. फोनवरचं रोबोट३६ अॅप रेडिओच्या स्पीकरजवळ धरलं की पडद्यावर वरून खाली चित्र उमटत जातं. मध्ये कुणी शिंकलं तर चित्रावर तेवढा ओरखडा येतो. रंगमंचाला याहून काय हवं?

प्रयोग नुसत्या ऐकण्यावर उभा असेल तर हॅमची परीक्षा द्यायची गरजच नाही. १९५१ मध्ये जॉन केज यांनी बारा साधे रेडिओ आणि चोवीस वादक घेऊन एक रचना केली होती. दोघांनी एक रेडिओ सांभाळायचा, एकाने स्टेशन फिरवायचं, दुसऱ्याने आवाज. हे उपवनच्या कट्ट्यावरही करता येईल. बोलायचं असेल, म्हणजे माइकचं बटण दाबायचं असेल, तर पुढचं वाचा.

पात्रता आणि परीक्षा

भारताचं नागरिकत्व आणि किमान १२ वर्षं वय. सायन्सची पदवी लागत नाही, कला शाखेवाल्यांनी घाबरू नये. परवाने दूरसंचार विभागाची डब्ल्यूपीसी (वायरलेस प्लॅनिंग अँड कोऑर्डिनेशन) शाखा देते. श्रेण्या दोन आहेत, रिस्ट्रिक्टेड आणि जनरल. पहिल्यात कॉल साइन सहसा व्हीयू३ ने सुरू होतं, दुसऱ्यात व्हीयू२ ने. रेडिओचं तंत्र आणि नियम असे परीक्षेचे दोन भाग असतात आणि दोन्हींत पास व्हावं लागतं. जनरलसाठी मोर्सही आहे, मिनिटाला ८ शब्दांच्या वेगाने. ध्वनीवर काम करणाऱ्याने मोर्स टाळू नये असं मला वाटतं. ठिपके-रेघा कागदावर पाठ करू नका, कानाने शिका. तबल्याचे बोल ज्याच्या अंगात आहेत त्याला ते लवकर जमतं.

अर्ज आणि कागदपत्रं

अर्ज दूरसंचार विभागाच्या 'सरल संचार' पोर्टलवर करायचा. फोटो, सहीची स्कॅन प्रत, जन्मतारखेचा, ओळखीचा आणि पत्त्याचा पुरावा तयार ठेवा. शाळेच्या दाखल्यावर आणि आधारवर नाव एकसारखं आहे का ते आधी पाहा. वडिलांचं नाव एकीकडे पूर्ण आणि दुसरीकडे नुसतं आद्याक्षर, हा आपल्याकडचा नेहमीचा घोळ. शुल्क भारतकोश या सरकारी पैसे भरण्याच्या पोर्टलवर भरायचं. परीक्षेचं केंद्र म्हणून आपल्याला मुंबई जवळचं; इथलं वायरलेस मॉनिटरिंग स्टेशन बोरिवली पश्चिमेला गोराई रोडवर आहे. ठाण्याहून घोडबंदर रोडने जाणार असाल तर ट्रॅफिकचा तास वेगळा धरा.

पास झाल्यावर परवान्याचा अर्ज पुन्हा वेगळा. परीक्षेचं प्रमाणपत्र हातात आलं म्हणजे हवेत बोलायची मुभा मिळाली, असं नाही. परवाना येईपर्यंत थांबायचं, त्यामुळे प्रयोगाची तारीख आधी जाहीर करू नका. सेटही परवान्यानंतरच घ्या. ऑनलाइन दुकानांत स्वस्त वॉकी-टॉकी सर्रास दिसतात, पण त्यांच्या बेकायदा विक्रीवर ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने २०२५ मध्ये मार्गदर्शक सूचना काढल्या आहेत.

अर्जातला स्टेशनचा पत्ता विचार करून लिहा, कारण परवाना त्या जागेशी बांधलेला असतो. वाशी-नेरूळच्या सोसायटीत राहत असाल तर गच्चीवर अँटेनासाठी कमिटीची लेखी एनओसी घेऊन ठेवा. सरकारपेक्षा सेक्रेटरीला पटवणं अवघड जातं, हे कुठलाही हॅम सांगेल. 'टॉवरने कॅन्सर होतो' म्हणणारा एक सभासद प्रत्येक इमारतीत असतोच. त्याला घरी बोलावून सेट दाखवा.

नाट्यगृहातून किंवा खारघरच्या टेकडीवरून प्रयोग करायचा असेल तर ती जागा परवान्यात नाही हे लक्षात घ्या आणि डब्ल्यूपीसीकडे आधी लेखी परवानगी मागा. विशेष प्रसंगासाठी वेगळं कॉल साइनही मागता येतं. पत्रात 'कलाप्रयोग' एवढंच लिहून सोडू नका. कोणता बँड, किती पॉवर, कोण ऑपरेट करणार, काय बोललं जाणार ते लिहा. बिनपरवान्याच्या नटाच्या हाती माइक देता येत नाही. बोलेल तो परवानाधारकच. तिकीट लावायचा मोह टाळा. पैशाचा संबंध आला की हौशी सेवेची व्याख्याच मोडते. आणि प्रयोगातला प्रत्येक संपर्क, वेळ आणि फ्रिक्वेन्सीसकट, लॉगबुकात त्याच दिवशी उतरवा.