अहवाल वाचता येत नाही, म्हणून सिनेमा

दिग्दर्शिका सुमित्रा भावे सिनेमाकडे वळल्या त्या सिनेमाच्या वेडापायी नव्हे. पुण्यात समाजकार्य शिकवताना, वस्त्यांमधल्या बायकांवर संशोधन करताना त्यांना एक गोष्ट खुपत होती. जिच्या जगण्यावर अहवाल लिहायचा, तिलाच तो वाचता येत नाही. पाहता मात्र येईल. त्यातून १९८५ साली ‘बाई’ हा लघुपट झाला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. भावेंनी तेव्हा चाळिशी ओलांडली होती आणि चित्रपटाचं रीतसर शिक्षण शून्य. ‘बाई’पासून सोबत असलेले सुनील सुकथनकर पुढे फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकले. ही जोडी शेवटपर्यंत टिकली. लेखन भावेंचं, गाणी सुकथनकरांची. कलादिग्दर्शन आणि वेशभूषाही बहुतेक वेळा भावेच बघत.

१९९५च्या ‘दोघी’पासून कथापट सुरू झाले. पैसा मात्र चित्रपटधंद्यातून क्वचितच आला. स्किझोफ्रेनियावरच्या ‘देवराई’मागे कॅनडात स्थायिक झालेले डॉ. जगन्नाथ वाणी होते, तर ‘कासव’चे एक निर्माते मनोविकारतज्ज्ञ-अभिनेते मोहन आगाशे. सिनेमा थिएटरात आठवडाभर टिकला नाही तरी संस्थांमध्ये, डॉक्टरांच्या मेळाव्यांत दाखवला जाई आणि नंतर चर्चा रंगे. या वाटेचा एक तोटा झाला: ‘विषयावरचे सिनेमे काढणाऱ्या बाई’ असा शिक्का बसला. ‘नितळ’ म्हणजे कोड, ‘अस्तु’ म्हणजे स्मृतिभ्रंश, ‘एक कप च्या’ म्हणजे माहितीचा अधिकार. मला विचाराल तर त्यांचा सर्वांत भरीव सिनेमा ‘वास्तुपुरुष’. कुळकायद्यानंतर खचत गेलेला वाडा आणि मुलाला डॉक्टर करायचंच म्हणून हट्टाला पेटलेली आई. कुठल्याच एका विषयाच्या खुंटीला तो टांगता येत नाही.

२०१७ साली ‘कासव’ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय सुवर्णकमळ जाहीर झालं. ‘श्यामची आई’पासून मोजलं तर हा मान मिळवणारा तो पाचवा मराठी चित्रपट.

दि. बा. मोकाशींच्या कथेवरचा ‘दिठी’ प्रेक्षकांपुढे आला मे २०२१ मध्ये, तोही ओटीटीवर. भावे १९ एप्रिललाच गेल्या होत्या. ‘दिठी’त पुरात मुलगा गमावलेला वारकरी लोहार भर पावसात एका अडलेल्या गाईला सोडवायला जातो.