ऑप्टोकपलर आला कुठून?

मोबाईलचा चार्जर उघडलेला कधी बघितला असेल तर चार पायांची एक बारकी काळी आयसी दिसली असेल, बऱ्याचदा पीसी८१७, आणि कित्येक बोर्डांवर तिच्या पोटाखाली आरपार चीर कापलेली असते. चिरेच्या अलीकडे २३० व्होल्टची मेन लाइन, पलीकडे आपल्या हाताशी येणारे ५ व्होल्ट. ही आयसी म्हणजेच ऑप्टोकपलर, आत एका बाजूला एलईडी आणि समोर उजेड ओळखणारा डिटेक्टर. आउटपुट वाढलं की कमी झालं हा निरोप तिच्यातून मागे जातो तो फक्त उजेडाने, मध्ये तार नाहीच.

आधी हे काम रिले (करंटने चालणारा स्विच) नाहीतर ट्रान्सफॉर्मर करायचे. रिले दणकट, पण स्लो, आणि कॉन्टॅक्ट जळतात. ट्रान्सफॉर्मरमधून डीसी पलीकडे जातच नाही. बल्बसमोर फोटोरेझिस्टर (उजेडाने रेझिस्टन्स बदलणारा) ठेवायची युक्तीही होती, गिटार अ‍ॅम्पच्या ट्रेमोलोत, म्हणजे आवाज लहान-मोठा थरथरवणाऱ्या इफेक्टमध्ये, ती छान चालली, पण डेटासाठी फारच सुस्त.

सप्टेंबर १९६१ मध्ये टेक्सास इन्स्ट्रुमेंट्समधल्या जेम्स बियर्ड आणि गॅरी पिटमन यांना गॅलियम आर्सेनाइडच्या डायोडमधून इन्फ्रारेड निघताना सापडलं, आणि ऑक्टोबरपर्यंत त्यांनी तो उजेड वेगळ्या ठेवलेल्या डिटेक्टरवर पाडून सिग्नल पोचवून पण दाखवला. मला हे फार भारी वाटतं, कारण आपण एलईडी म्हणजे इंडिकेटर समजतो, आणि इथे लाल एलईडी यायच्या आधीच न दिसणाऱ्या उजेडाने आयसोलेशनचं, म्हणजे दोन सर्किटं विजेने वेगळी ठेवायचं, काम करून दाखवलं होतं. पुढे १९६२ मध्ये एसएनएक्स-१०० नावाने तो डायोड विकायला आला तेव्हा किंमत होती १३० डॉलर, म्हणजे घरगुती वस्तूत घालायचा प्रश्नच नव्हता.

सत्तरच्या दशकात एलईडी आणि फोटोट्रान्झिस्टर (उजेड पडला की करंट सोडणारा ट्रान्झिस्टर) एकाच पॅकेजमध्ये मिळायला लागले आणि मग हे सगळीकडे घुसलं. इलेक्ट्रॉनिक वाद्यं एकमेकांना जोडायच्या १९८३ च्या मिडी स्टँडर्डमध्ये तर इनपुटला ऑप्टोकपलर नियमातच लिहिलाय, ५ मिलिअँपचा करंट लूप, म्हणजे कीबोर्ड आणि सिंथेसायझरचे ग्राउंड जोडले जात नाहीत आणि स्पीकरमध्ये हम (घूं असा आवाज) येत नाही.

एक कमजोरी पहिल्यापासून आहे, आतला एलईडी वर्षानुवर्षं चालून मंद होतो, तेवढ्याच करंटला पलीकडे कमी करंट मिळतो, म्हणून डिझाइन करताना मार्जिन ठेवावंच लागतं. आणि आयसोलेशन टिकतं ते दोन्हीकडचा सप्लाय आणि ग्राउंड वेगळा असेल तरच. बाजारात मिळणाऱ्या रिले मॉड्यूलवर जेडी-व्हीसीसीचा (रिलेचा सप्लाय कंट्रोलच्या सप्लायला जोडणारा) जंपर लावलेलाच येतो, तो न काढता एकाच सप्लायवर सगळं चालवलं तर बोर्डावरचा ऑप्टोकपलर आयसोलेशनच्या दृष्टीने असून नसल्यासारखा.