फूल हिरवं झालं की माणूस सापडला

२००० साली सदाशिव पेठेतल्या एका सायबर कॅफेत मी शनिवारी सकाळी तासाचे पैसे भरून बसायचो, ते एका फुलासाठी. आयसीक्यू या इंटरनेटवर निरोप धाडायच्या प्रोग्रॅमच्या छोट्या खिडकीत मावसभावाचं नाव आणि शेजारी लाल फूल. कॅलिफोर्नियात तेव्हा शुक्रवारची रात्र. दादा घरी येऊन मोडेम लावायचा आणि फूल हिरवं व्हायचं. तो क्षण मला अजून आठवतो.

त्या हिरव्या रंगामागे मोठी युक्ती होती. फोनच्या तारेवरून इंटरनेट जोडलं की दर वेळी संगणकाला नवा आयपी पत्ता, म्हणजे इंटरनेटवरचा ठावठिकाणा, मिळायचा आणि तार सुटली की तोच पत्ता दुसऱ्या कुणाला. म्हणजे रोज भाड्याची नवी खोली. ई-मेलचं यात काही अडत नाही, ती सर्व्हरवर, म्हणजे कायम चालू असलेल्या मधल्या संगणकावर, पडून राहते. पण आत्ताच बोलायचं तर माणूस आत्ता कुठल्या खोलीत आहे, हे कळायला हवं.

इस्रायलच्या मिराबिलिस कंपनीतल्या तरुणांनी नोव्हेंबर १९९६ मध्ये यावर तोड काढली. प्रत्येकाला एक कायमचा क्रमांक दिला. संगणक जोडला गेला की आयसीक्यू आधी सर्व्हरला कळवायचं, 'या क्रमांकाचा माणूस आता या पत्त्यावर आहे.' सर्व्हर नोंद करून मित्रांना वर्दी द्यायचा. पुढचे निरोप शक्य असेल तेव्हा थेट संगणकातून संगणकात जायचे. समोरचा नसेल तर सर्व्हर सांभाळून ठेवायचा. आयसीक्यू हे नाव इंग्रजीत उच्चारलं तर 'आय सीक यू' ऐकू येतं, म्हणजे 'मी तुला शोधतोय'. याहून नेमकं नाव मला सुचत नाही.

१९९८ मध्ये अमेरिकेच्या एओएल या इंटरनेट कंपनीने मिराबिलिस २८.७ कोटी डॉलर रोख मोजून घेतली. २००१ पर्यंत खाती १० कोटींवर गेली. दरम्यान याहू, एमएसएनचे मेसेंजरही आले होते. पण माझ्या मते खरा घाव मोबाइलने घातला. कायमचा क्रमांक प्रत्येकाच्या खिशात आधीच होता, ओळखीच्यांची यादीही त्यातच. शिवाय फोन सतत जोडलेला, त्यामुळे 'तो आला' या बातमीचं मोलच उरलं नाही. उलट २०२२ मध्ये व्हॉट्सॲपने आपण ऑनलाइन असल्याचं लपवायची सोय दिली.

एओएलने २०१० मध्ये आयसीक्यू १८.७५ कोटी डॉलरना विकून टाकलं. २६ जून २०२४ रोजी ते कायमचं बंद झालं. त्या आठवड्यात मी दादाला फोन लावला. त्याला आपला आठ आकडी क्रमांक अजून पाठ होता.