मिलिंद म्हणजे भुंगा?

बारसं आठवड्यावर आलं की घरातल्या मोबाइलवर नावांच्या याद्या फिरू लागतात. डावीकडे नाव, उजवीकडे अर्थ. अशा याद्यांत मिलिंदपुढे बहुधा एकच शब्द असतो: भुंगा. नागपुरात इंदोऱ्यापासून रामबागेपर्यंतच्या बौद्ध वस्त्यांत कितीतरी मिलिंद आहेत. त्यांतल्या बहुतेकांचं नाव ठेवताना आईवडिलांच्या मनात फुलांवर घोंघावणारा भुंगा नव्हता, एक राजा होता.

१४ ऑक्टोबर १९५६ ला दीक्षाभूमीवर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाखो अनुयायांसह धम्मदीक्षा घेतली. पुढच्या पिढ्यांच्या हजेरीपटावर राहुल, सिद्धार्थ, आनंद, नागसेन, सुजाता, आम्रपाली ही नावं ओळीनं दिसू लागली. मिलिंद त्यातलंच. बाबासाहेबांनी १९५० मध्ये औरंगाबादेत सुरू केलेल्या महाविद्यालयालाही पुढे हेच नाव मिळालं, आणि त्या परिसराला नागसेनवन.

हा मिलिंद म्हणजे इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातला ग्रीक वंशाचा राजा मेनांद्रोस. त्याची राजधानी सागल, म्हणजे आजच्या पाकिस्तानातलं सियालकोट. पाली भाषेतल्या ‘मिलिंदपञ्ह’ या ग्रंथात त्याचे आणि भिक्खू नागसेनाचे संवाद आहेत, आणि विशेष म्हणजे त्यातला पहिलाच प्रश्न नावाचा आहे. राजा विचारतो, भदंत, आपलं नाव काय? नागसेन सांगतो, मला नागसेन म्हणतात. आईवडील नागसेन, सूरसेन, वीरसेन, सीहसेन अशी नावं ठेवतात. पण ती व्यवहारापुरती, नाममात्र.

आता मेनांद्रोसचा मिलिंद झाला कसा ते पाहू. ग्रीक नावाचे दोन तुकडे आहेत. पहिला ‘मेनो’: टिकून राहणं, तग धरणं. दुसरा ‘आनेर’, जोडशब्दांत ‘आंद्र’: पुरुष. तग धरणारा पुरुष, हा अर्थ. हा ‘आनेर’ आपल्या ‘नृ’ आणि ‘नर’चा सख्खा भाऊ आहे, दोघंही एकाच जुन्या मूळ भाषेतून आलेले. म्हणजे नरेंद्रातला नर, मिलिंदातला ‘इंद’ आणि स्कॉटलंडच्या अँड्र्यूतला ‘अँड्र’ यांचं कूळ एक. मग ‘नर’मध्ये नसलेला ‘द’ ग्रीक ‘आंद्र’मध्ये आला कुठून?

हा ‘द’ कुणी ठरवून घातलेला नाही. तो तोंडाच्या रचनेतून आपोआप तयार होतो. ‘न’ म्हणताना दोन गोष्टी एकाच वेळी चालू असतात. जिभेचं टोक वर टेकून तोंडाची वाट बंद करतं. आणि टाळूचा मागचा मऊ भाग, ज्याच्या टोकाला पडजीभ लोंबते, तो खाली उतरलेला असतो, म्हणून हवा नाकातून जाते. ‘र’साठी दोन्ही उलटं हवं: जीभ सुटलेली, मऊ टाळू वर उचलून नाकाची वाट बंद. ‘न’नंतर लगेच ‘र’ आला की ही दोन्ही कामं एकाच क्षणी व्हायला हवीत. तशी ती होत नाहीत. टाळू किंचित आधी उचलला गेला तर सेकंदाच्या काही शतांश भागापुरतं नाकही बंद आणि तोंडही बंद. आत हवा दाबली जाते, मग जीभ सुटते. अशा सुटलेल्या आवाजालाच आपण ‘द’ म्हणतो. ‘म’ आणि ‘र’ यांच्यामध्ये हेच घडलं तर बंद असतात ते ओठ, म्हणून तिथे ‘द’ येत नाही, ‘ब’ येतो. सर्दीनं नाक चोंदलं की ‘मामा’चा ‘बाबा’ ऐकू येतो, तेही याच कारणानं: ओठांचं काम तेच, फक्त नाकाची वाट बंद.

आपल्या भाषेत याचे पुरावे स्वयंपाकघरापासून झाडावरपर्यंत आहेत. आम्र आणि आंबा. ‘ब’ मधे घुसला, मग जोडाक्षरातला ‘र’ गळाला. ताम्र आणि तांबं, त्यावरून तांबे हे आडनाव. वानर आणि हिंदीतला बंदर: इथे ‘न’ आणि ‘र’, म्हणून ‘द’. इंग्रजीत हेन्रीचं हेंड्री होतं, लॅटिन ‘नुमेरुस’चा ‘नंबर’ होतो. आणि वैशालीच्या आम्रपालीला पाली ग्रंथ अंबपाली म्हणतात. म्हणजे एकाच घरात मिलिंद आणि आम्रपाली ही भावंडं असली, तर भावाच्या नावात ग्रीकांच्या तोंडात उगवलेला ‘द’ आहे आणि बहिणीच्या पाली नावात आपल्या तोंडात उगवलेला ‘ब’.

पुढचा टप्पा भारतातला. मेनांद्रोसची नाणी दोन लिपींत आहेत. एका बाजूला ग्रीक, दुसऱ्या बाजूला खरोष्ठीत ‘महरजस त्रतरस मेनंद्रस’: तारणहार महाराज मेनंद्राचं. टाकसाळीत नाव जवळजवळ शाबूत राहिलं. बदल झाला तो लोकांच्या तोंडी.

मेनंद्रात म, न आणि पुन्हा न् असे तीन अनुनासिक एका ओळीत येतात. सारखेच ध्वनी जवळजवळ आले की त्यातला एक वेगळा करण्याकडे जिभेचा कल असतो. भाषाशास्त्रात याला विषमीकरण म्हणतात. इथे मधला ‘न’ बदलून ‘ल’ झाला. ‘न’ आणि ‘ल’ जिभेच्या त्याच टोकानं, जवळपास त्याच जागी होतात, फरक फक्त हवेच्या वाटेचा. हे फक्त राजाच्या नावासाठी शोधलेलं कारण नाही. संस्कृत निंब मराठीत लिंब झाला, अंगणातला कडुनिंब कडुलिंबही झाला. नवनीताचं लोणी झालं, तिथेही आरंभीच्या ‘न’चा ‘ल’.

दुसरा बदल ‘न्द्र’चा. प्राकृतात व्यंजनांची अशी गर्दी टिकत नाही: चंद्राचा चंद, मग चांद. तसाच मेनंद्रातला ‘र’ गेला.

स्वरांचं गणित थोडं वेगळं आहे, आणि ते केवळ ध्वनिनियमानं सुटत नाही. पालीत महेंद्राचं महिंद होतं, नरेंद्राचं नरिंद. शेवटी ‘इंद’ असलेली अशी नावं कानात बसलेल्या माणसाला परकं ‘नंद’ किंवा ‘नंद्र’ अपुरं वाटतं. तो त्यालाही त्याच साच्यात बसवतो. शेजारचा ‘इ’ पहिल्या ‘मे’लाही ‘मि’कडे ओढतो. अनोळखी शब्दाला ओळखीचा आकार देण्याच्या या सवयीला लोकव्युत्पत्ती म्हणतात. शिकंदरच्या बाबतीतही तेच घडलं. अलेक्झांद्रोसमधलं ‘अल्’ अरबांना आपल्या भाषेतलं, इंग्रजी ‘the’सारखं उपपद वाटलं, त्यांनी ते वेगळं काढलं, ‘क्स’चा ‘स्क’ केला, आणि इस्कंदर, सिकंदर उरला. शेवटी ‘अंदर’ शिल्लक आहे, तोच ‘आनेर’.

भुंग्याचं काय? संस्कृतात मिलिंद म्हणजे भुंगा, हे खरंच आहे. म्हणूनच यादीतली चूक पकडणं अवघड जातं. उच्चार सारखा असलेली ही दोन वेगळी नावं आहेत. एखाद्या संस्कृतप्रेमी घरानं भ्रमर मनात धरून मुलाचं नाव मिलिंद ठेवलं असेल, तर तिथे अर्थ भुंगाच. इंदोऱ्यात तो राजा आहे. ठेवणाऱ्याला विचारल्याशिवाय कोणताही कोश हे सांगू शकत नाही.

म्हणून एखाद्या नावाचा अर्थ तपासायचा तर आधी त्याचं सर्वात जुनं लिखित रूप शोधावं: नाणं, शिलालेख, पोथी, जे सापडेल ते. मग जो ध्वनिबदल गृहीत धरला, तो त्याच भाषेतल्या निदान दोन साध्या शब्दांत दाखवता येतो का, ते पाहावं. निंब-लिंब, चंद्र-चांद यांसारखे साक्षीदार नसतील तर ती व्युत्पत्ती म्हणजे केवळ जुळवाजुळव. आणि शेवटी नाव कुणी, कशासाठी ठेवलं. याद्यांची गाडी बहुतेक वेळा पहिल्याच पायरीवर घसरते. रेयांशसमोर ‘विष्णूचा अंश’ छापतात. संस्कृतात विष्णू या अर्थाचा ‘रेय’ नाही. श्रेयांस हे जुनं नाव आहे, अकराव्या जैन तीर्थंकरांचं, आणि ते ‘श्रेयस्’ या शब्दाशी जोडलेलं आहे. त्यातला ‘श्’ काढला की अर्थाचा पायाच निघून जातो. नवं नाव घडवायला कुणाची हरकत असू नये, पण त्याच्यापुढे खोटं संस्कृत लिहिणं ही मुलाची फसवणूक आहे.

तीच गोष्ट अक्षरांवरून भाग्य सांगणाऱ्यांची. जन्मनक्षत्रावरून नावाचं पहिलं अक्षर ठरवणाऱ्या नावरशीच्या अवकहडा चक्रात २७ नक्षत्रांचे प्रत्येकी ४ चरण, म्हणजे १०८ अक्षरं. आर्द्राच्या तिसऱ्या चरणाला ‘ङ’ येतं, हस्ताच्या तिसऱ्याला ‘ण’, उत्तराभाद्रपदेच्या चौथ्याला ‘ञ’. या अक्षरांनी मराठीत नाव सुरू होत नाही, मग जवळचं दुसरं अक्षर घेऊन वेळ निभावतात. ज्या नियमाला गरजेनुसार वाकवावं लागतं, त्यावर मुलाचं भविष्य टांगू नये. इंग्रजी स्पेलिंगमध्ये जादा ‘ए’ घालून नशीब बदलणाऱ्या अंकशास्त्राचं तर देवनागरीत लिहिताक्षणीच गणित विस्कटतं.

अर्थ उघड असलेली नावंही खूप काही सांगतात. कचरू, धोंडू, दगडू, आपल्या विदर्भातला उकर्डा. आधीची मुलं दगावलेल्या घरात मृत्यूची नजर चुकवायला अशी नावं ठेवत. नायजेरियातल्या योरुबा लोकांत याच भीतीपोटी ‘कोकुमो’ ठेवतात: हा पुन्हा मरणार नाही. लस आणि स्वच्छ पाणी आलं, बालमृत्यू घटले, तशी ही नावं जन्मनोंदींतून ओसरली. घानातल्या अकान लोकांत जन्मवारावरून नाव मिळतं. शुक्रवारच्या मुलाला कोफी, म्हणून कोफी अन्नान. पूर्व विदर्भ आणि छत्तीसगडच्या खेड्यांत मंगलू, बुधराम, सुकरू आहेत, तशीच ती पद्धत. इतवारीही आहे, आणि नागपूरकराला ते नाव बाजारपेठेतून ठाऊक आहे. इतवार म्हणजे आदित्यवार. दोन स्वरांमधला ‘द’ प्राकृतात गळतो, ‘त्य’चा आधी ‘च्च’ किंवा ‘त्त’ होतो. आदित्यातून ‘आइत्त’, त्यातून ‘इत’. शाळेतला आदित्य आणि खेड्यातला इतवारी यांच्या नावातला सूर्य एकच.

आपलं शहर वसवणाऱ्या देवगडच्या गोंड राजाचं नाव बख्त बुलंद. फारसीत अर्थ: उंच नशिबाचा. संस्कृत आणि इराणी भाषा बहिणी आहेत. संस्कृतच्या ‘भ’जागी तिकडे ‘ब’ असतो: भ्रातृ आणि बिरादर. ‘क्त’जागी ‘ख्त’, जसा ‘प्त’जागी ‘फ्त’: सप्त आणि हफ्त, ज्यावरून आपला हप्ता. म्हणून बख्त हा संस्कृत ‘भक्त’चा भाऊ, ज्याचा जुना अर्थ ‘वाटून दिलेला हिस्सा’. नशीब म्हणजे वाट्याला आलेलं. बुलंद हा ‘बृहंत्’चा भाऊ. ‘ल’ विचित्र वाटतो, पण जुन्या इराणीतल्या ‘र्द’चा फारसीत नियमानं ‘ल’ होतो: आपल्या शरदाचा भाऊ तिकडे ‘सर्द’ होता, तो ‘साल’ झाला, आणि हृदाचा भाऊ ‘दिल’. इथे ‘सगळं संस्कृतातूनच निघालं’ असं म्हणायची घाई नको. बख्त हा भक्तचा मुलगा नाही, दोघांची आई एकच होती आणि तिच्या तोंडचा एकही शब्द कुणी लिहून ठेवलेला नाही. तिची रूपं बहिणींच्या तुलनेतूनच बांधावी लागतात, जशी मेनंद्र आणि मिलिंद यांमधली वाट कडुलिंबाकडे पाहून बांधता येते.