टीव्हीवरच्या गाण्यामागचा संगीत संयोजक : पार्श्वभूमी

गाण्याच्या रिअ‍ॅलिटी शोमुळे संगीत संयोजक मराठी घराघरांत ओळखीचा झाला. मुंबईत हे काम मात्र टीव्हीच्या आधीपासूनचं आहे. हिंदी सिनेमात चाल संगीतकाराची आणि वाद्यमेळ अ‍ॅरेंजरचा, म्हणजेच संयोजकाचा, अशी विभागणी होती. सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस हे मूळचे गोव्याचे अ‍ॅरेंजर हा वाद्यमेळ स्टाफ नोटेशनमध्ये, म्हणजे पाच रेषांच्या पाश्चात्त्य स्वरलिपीत, लिहीत. त्यांचं काम मोठं, पण नाव पडद्यावर क्वचितच यायचं.

२ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि 'शब्दांच्या पलीकडले'सारख्या कार्यक्रमांतून सुगम संगीताला घर मिळालं. १९९५ मध्ये झी टीव्हीवर 'सारेगम' आलं. मराठी 'सारेगमप' २००६ चं. २००८-०९ च्या 'लिटिल चॅम्प्स'पर्यंत कार्यक्रमाचे संगीत संयोजक कमलेश भडकमकर यांचं नाव स्पर्धकांइतकंच लोकांच्या तोंडी बसलं, आणि ते रास्तच होतं.

संयोजकाला पहिली गोष्ट ठरवावी लागते ती पट्टी, म्हणजे गाण्याचा 'सा' कुठल्या सुरावर धरायचा ते. मूळ गाणं पुरुषाच्या आवाजात काळी एकमध्ये (पेटीच्या सप्तकातली पहिली काळी पट्टी) असेल आणि ते मुलगी गाणार असेल, तर पट्टी काळी चारच्या आसपास जाते. कीबोर्डला पट्टी बदलणारं ट्रान्सपोजचं एक बटण पुरतं. बासरीवाला दुसरी बासरी काढतो. संतूरच्या तारा, सतारीच्या तरफा (मुख्य तारांखालच्या झंकारणाऱ्या तारा) नव्याने लावाव्या लागतात. तबला काळी एकचाच ठेवला, तर तो आता नव्या पट्टीच्या मध्यमात ('म'मध्ये) बोलतो. पंचमावर ('प'वर) ठेहराव असलेल्या गाण्यात हे कानाला लगेच खटकतं. ट्रान्सपोजचं बटण मागच्या गाण्याच्या पट्टीवर राहून गेलं, तर पहिल्याच सुराला सगळं कोसळतं. म्हणून प्रत्येक गाण्याआधी कीबोर्डवर षड्ज ('सा') वाजवून खात्री करायची.

दुसरं गणित वेळेचं. दीड मिनिटाचं गाणं, आठ मात्रांचा केरवा ताल, मिनिटाला ९६ मात्रा : एक आवर्तन (तालाची एक पूर्ण फेरी) ५ सेकंदांचं, एकूण आवर्तनं १८. त्यात सुरुवातीचं म्युझिक २, मुखडा ४, मधलं म्युझिक २, अंतरा ६ आणि परतीचा मुखडा ४. स्पर्धकाने उत्साहाच्या भरात दोन आवर्तनांची ओळ पुन्हा घेतली, की १० सेकंद वाढले. कात्री मधल्या म्युझिकला लावणं सोपं, पण गाणं ओळखू येतं ते अनेकदा त्याच तुकड्यावरून. तिथे व्हायोलिनची मूळ ओळ वाचवून अंतऱ्यातली पुनरावृत्ती काढणं जास्त चांगलं. लय वाढवून वेळ भरून काढायला गेलं तर शब्द चिरडतात. भावगीताचं त्यात सर्वात जास्त नुकसान होतं.

लाइव्ह वाद्यांच्या जोडीला आधी प्रोग्रॅम केलेला ट्रॅक असेल, तर वादकांच्या कानात क्लिक (ठरलेल्या लयीची टिकटिक) असते. तेव्हा गायक अर्धी मात्रा पुढे गेला तरी वाद्यवृंदाला त्याच्यामागे धावता येत नाही. त्यामुळे अशी गाणी तालमीतच क्लिकवर बसवून घ्यावी लागतात. मोकळी आलापी असलेली गाणी मात्र क्लिकशिवाय, संयोजकाच्या हाताच्या इशाऱ्यावर वाजवायची.